कुरकुरीत स्मॅश्ड पोटॅटो: बाजारातल्या बटाट्यापासून ओटीजीच्या ट्रेपर्यंत

स्मॅश्ड पोटॅटो म्हणजे लहान बटाटे सालीसकट उकडायचे, वाटीने चेपून चपटे करायचे आणि तेल लावून भरपूर आचेवर भाजायचे. पोर्तुगालमध्ये बटाटे सालीसकट भाजून, मुठीने ठोसा मारून, वर लसूण घातलेलं ऑलिव्ह तेल ओतून खारवलेल्या कॉड माशाबरोबर वाढतात. तोही याच कुळातला पदार्थ. घटक दोन-तीनच असतात, त्यामुळे वरवर सोपा वाटतो. पण घरी केल्यावर बहुतेकांच्या ताटात येतो तो वरून तपकिरी, काठाला चिवट आणि मधे ओलसर बटाटा.

त्याचं कारण जवळजवळ नेहमी एकच असतं: पाणी. बटाट्याच्या वजनात साधारण ८० टक्के पाणी असतं. पृष्ठभाग ओला आहे तोवर तिथलं तापमान १०० अंशांच्या आसपासच अडकून राहतं, ओव्हन २२० वर असला तरीही. ते पाणी वाफ होऊन गेलं की तापमान चढायला लागतं आणि १४० अंशांच्या पुढे सोनेरी रंग, खमंग वास आणि खुसखुशीत पापुद्रा तयार होतो. म्हणून खाली दिलेल्या प्रत्येक पायरीला एकच प्रश्न विचारायचा: इथे पाणी बाहेर जातंय की आत साठतंय? तेल वाढवून हा प्रश्न सुटत नाही.

बटाटा कोणता घ्यायचा

ठाणे, कळवा, ऐरोली, नेरूळ, कुठल्याही भाजीवाल्याकडचा बटाटा बहुधा वाशीच्या एपीएमसीतल्या कांदा-बटाटा बाजारातून येतो. तिथे उत्तर प्रदेश, गुजरात, मध्य प्रदेशाचा माल येतो आणि पुणे जिल्ह्यातला मंचर-खेड भागातलाही. वाण विचारला तर भाजीवाला "आग्रा" किंवा "इंदोर" असं गावाचं नाव सांगतो. गावावरून बटाटा कुरकुरीत होईल की नाही ते कळत नाही. कळतं ते वाणावरून आणि साठवणीवरून.

आपल्याकडचे बरेच वाण शिमल्याच्या केंद्रीय बटाटा संशोधन संस्थेचे आहेत, म्हणून त्यांच्या नावाआधी शिमल्याजवळच्या गावाचं, 'कुफरी', नाव लागतं. कुफरी पुखराज लवकर तयार होणारा, पिवळसर गराचा, पण पाणीदार. भाजी-रश्श्याला चांगला, इथे मात्र त्याला भट्टीत जास्त वेळ द्यावा लागतो. कुफरी ज्योती मधला: उकडल्यावर बऱ्यापैकी पिठूळ, तरी चेपताना एकसंध राहणारा. आमची पहिली पसंती त्यालाच. चिप्सोना हा वाण वेफर्ससाठीच तयार केलेला, त्यात पाणी कमी आणि घन भाग जास्त. काठ सर्वांत कुरकुरीत त्याचेच होतात, पण दोन-तीन मिनिटं जास्त उकडला की चेपताना भुगा होतो.

वाण कळायला मार्ग नसेल तर घरी चाचणी करा. पावणेतीन वाट्या पाण्यात पाव वाटी मीठ पूर्ण विरघळवा आणि त्यात एक बटाटा सोडा. तळाशी गेला तर घन भाग जास्त, म्हणजे पिठूळ. तरंगला तर पाणीदार. तरंगणारा बटाटा टाकून द्यायचा नाही. तो थोडा पातळ चेपायचा आणि ७-८ मिनिटं जास्त भाजायचा, एवढंच.

साठवणीची गोष्ट वाणाहून महत्त्वाची. उत्तरेतलं मुख्य पीक जानेवारी ते मार्चमध्ये निघतं आणि पुढचे कित्येक महिने शीतगृहात राहतं. २ ते ४ अंशांच्या थंडीत बटाट्यातल्या स्टार्चची साखर होते. असा बटाटा गोडसर लागतो आणि ओव्हनमध्ये पाणी सुकायच्या आतच काळपट तपकिरी होतो. आपल्याला वाटतं झाला, म्हणून आपण काढतो, आणि तो आतून ओला निघतो. पावसाळ्यात आणि गणपतीच्या सुमारास मिळणारा उत्तरेकडचा माल बहुतांशी असाच असतो. त्याला इलाज आहे. बटाटे दहा-पंधरा दिवस आधी आणून टोपलीत एका थरात, अंधाऱ्या आणि हवेशीर जागी घरच्या तापमानाला ठेवा. वाढलेल्या साखरेपैकी बरीचशी खर्ची पडते आणि चव पालटते. मात्र जुलै-ऑगस्टच्या दमट हवेत कोंब लवकर फुटतात, तेव्हा दर दोन दिवसांनी टोपली बघा. कच्चा बटाटा घरच्या फ्रिजमध्ये ठेवला तर हीच साखर आपण स्वतः तयार करतो, म्हणून ती सवय मोडलेली बरी.

आकार महत्त्वाचा. ४ ते ५ सेंटीमीटर व्यासाचे, साधारण ५० ते ६० ग्रॅमचे बटाटे हवेत. सगळे एकसारखे निवडा, त्यासाठी ढिगात दोन मिनिटं जास्त गेली तरी चालतील. लिंबाएवढा एक आणि पेरूएवढा दुसरा अशी जोडी एकाच पातेल्यात नीट उकडत नाही. मॉलमध्ये पाकिटात मिळणारे अगदी बारीक बटाटे चेपल्यावर नुसती साल उरते, ते दम आलूसाठी ठेवा. साल पातळ असलेली घ्या. जुनी जाड साल भाजल्यावर दाताखाली चामड्यासारखी येते. हिरवट डाग असलेला बटाटा नको. डाग छोटा असेल तर खोलवर कापून टाका, सगळीकडे पसरला असेल किंवा चव कडवट असेल तर पूर्ण फेका. ते विषारी द्रव्य उकडून किंवा भाजून जात नाही.

प्रमाण

२८-३० लिटरच्या ओटीजीच्या, म्हणजे विजेवरच्या छोट्या ओव्हनच्या, एका ट्रेमध्ये चेपलेले १२ बटाटे मावतात. तिघा-चौघांना जेवणाबरोबर पुरतात. त्यापेक्षा जास्त कोंबू नका, कारण आपली अडचण पाणी आहे आणि दाटीवाटीने वाफ कोंडते.

लहान बटाटे ७०० ग्रॅम, म्हणजे १२ ते १४
पाणी २ लिटर
मीठ ३० ग्रॅम, साधारण २ टेबलस्पून
खाण्याचा सोडा अर्धा टीस्पून, लागला तरच
रिफाइंड शेंगदाणा किंवा राइस ब्रॅन तेल ३ टेबलस्पून
साजूक तूप १ टेबलस्पून
लसूण ६ ते ८ पाकळ्या, बारीक चिरून
कोथिंबीर मूठभर, वरून भुरभुरायला जाडसर मीठ आणि मिरपूड

मिठाचा आकडा बघून दचकू नका. त्यातलं बहुतेक पाण्याबरोबर मोरीत जातं. साल असल्यामुळे मीठ आत सावकाश शिरतं, म्हणून पाणी खारट हवं. अळणी उकडलेल्या बटाट्यावर नंतर कितीही मीठ टाकलं तरी ते वरवरच राहतं.

उकडणं

बटाटे ब्रशने किंवा काथ्याने घासून धुवा. डोळ्यांत माती अडकते आणि भाजल्यावर ती कचकच लागते. साल काढायची नाही, तीच चेपलेला बटाटा एकत्र धरून ठेवते.

पातेल्यात बटाटे, थंड पाणी आणि मीठ एकदमच घ्या आणि मग गॅस लावा. उकळत्या पाण्यात बटाटे टाकले तर बाहेरचा थर शिजून फाटतो आणि गाभा कच्चा राहतो. उकळी आली की आच मध्यम करा, पाणी नुसतं हलकं खदखदत राहिलं पाहिजे. उकळी आल्यापासून १८ ते २२ मिनिटं लागतात. पंधराव्या मिनिटापासून तपासायला लागा: पातळ सुरी किंवा विणायची सुई मध्यापर्यंत कुठेही न अडता गेली पाहिजे आणि उचलल्यावर बटाटा तिच्यावरून आपोआप घसरला पाहिजे. एक-दोघांची साल किंचित तडकली असेल तर वेळ अगदी बरोबर आहे. कच्चट बटाटा चेपला की दोन-तीन ठोकळ्यांत फुटतो, जास्त शिजलेला पाणी पिऊन लगदा होतो. दोन्हींत निवडायची वेळ आली तर थोडा जास्त शिजलेला चालेल, कारण त्याला सुकवता येतं. कच्चटाला मात्र उपाय नाही.

कुकर? रोजच्या सवयीने हात तिकडेच जातो, पण कुकरच्या आत १२० अंशांच्या आसपास तापमान जातं आणि एका शिट्टीच्या फरकाने बटाटा उकडलेल्यापासून फुटलेल्यापर्यंत पोचतो. मधे उघडून बघताही येत नाही. कुकरच वापरायचा असेल तर बटाटे पाण्यात बुडवू नका. डब्यात पाणी न घालता ठेवा, तळाला पाणी घाला, मध्यम आचेवर एक शिट्टी करा आणि पाच मिनिटांनी उलथण्याने शिट्टी उचलून वाफ सोडा. मिठाची कसर मग वरून भरून काढावी लागते.

आता सोड्याबद्दल. सोड्याने पाणी अल्कधर्मी होतं, बटाट्याच्या पेशींना जोडून ठेवणारं पेक्टिन लवकर सुटतं आणि पृष्ठभाग खरखरीत होतो. खरखरीत पृष्ठभागावर तेल जास्त धरतं, पापुद्रा जास्त येतो. सोललेल्या, फोडी केलेल्या बटाट्यांना याचा फायदा मोठा होतो. इथे साल मधे आहे, त्यामुळे परिणाम मर्यादित राहतो. पण तुमच्याकडचं पाणी जड असेल तर सोडा जरूर घाला. जड पाण्यातलं कॅल्शियम त्याच पेक्टिनला घट्ट करतं आणि बटाटा अर्धा तास उकळूनही दडस लागतो. नवी मुंबईत मोरबे धरणाचं पाणी येतं तिथे ही अडचण सहसा येत नाही. घोडबंदर रोडच्या ज्या सोसायट्यांत बोअरचं किंवा टँकरचं पाणी स्वयंपाकाला वापरावं लागतं तिथे येऊ शकते. डाळ शिजायला त्रास होतो का आणि किटलीत पांढरा थर बसतो का, यावरून तुमचं पाणी ओळखता येईल. दोन लिटरला अर्ध्या टीस्पूनपेक्षा जास्त सोडा नको, नाहीतर साबणासारखी चव येते.

सुकवणं

सगळ्यात जास्त घाई इथे होते आणि सगळ्यात जास्त नुकसानही इथेच.

बटाटे चाळणीत उपसा. पातेलं रिकामं करून पुन्हा गॅसवर ठेवा, बटाटे त्यात परत टाका आणि मंद आचेवर मिनिटभर पातेलं हलवत राहा. सालीवरचं पाणी उडून ती फिकट, कोरडी दिसायला लागते. मग ते ताटात किंवा जाळीवर एकमेकांना न चिकटवता पसरा आणि पंख्याखाली ८ ते १० मिनिटं ठेवा. झाकण नाही, फडकंही नाही. गरम बटाट्यातून वाफ स्वतःहून बाहेर पडत असते, तिला वाट मोकळी ठेवणं एवढंच काम. थंड पाण्याखाली धरून गार करण्याचा मोह टाळा, त्याने निघून जाणारी उष्णता आणि वाफ दोन्ही वाया जातात आणि साल पुन्हा भिजते.

जून ते सप्टेंबर हवा इतकी दमट असते की पंख्याखालीही साल लवकर कोरडी होत नाही. त्या दिवसांत ओटीजी १०० अंशांवर ठेवून, दार बोटभर उघडं राहील असं लाकडी चमचा अडकवून, बटाटे आठ मिनिटं आत ठेवा. मग बाहेर काढून ओटीजी पुढच्या तापमानाला तापायला लावा.

वेळ असेल तर याहून चांगली पद्धत आहे: बटाटे आदल्या रात्री उकडून, चेपून, ट्रेमध्ये न झाकता फ्रिजमध्ये ठेवायचे. फ्रिजची कोरडी हवा पृष्ठभाग सुकवते आणि गार होताना स्टार्च घट्ट बसतो, त्यामुळे दुसऱ्या दिवशीचा पापुद्रा जास्त जाड आणि जास्त टिकाऊ येतो. कच्च्या बटाट्याला फ्रिज वाईट आणि उकडलेल्याला चांगला, यात विसंगती नाही. साखर करणारे एन्झाइम उकडताना निकामी झालेले असतात. पाहुणे येणार असतील तर अर्धं काम आदल्या दिवशी उरकतं हा वर फायदा.

चेपणं

ओटीजीचा ट्रे घ्या आणि त्यावर एक टेबलस्पून तेल पसरा. बटाटे ट्रेवरच चेपायचे, चेपून उचलायला गेलात तर मोडतील. सपाट बुडाची स्टीलची वाटी किंवा पेला उत्तम. पावभाजीचा मॅशर वापरलात तर त्याच्या भोकांतून गर वर येतो आणि बटाटा त्याला चिकटून उचलला जातो. वाटीचं बूड तेलाने पुसा किंवा मधे बटर पेपरचा तुकडा धरा.

बटाटा हाताला सोसवेल इतका गरम असावा. वाटी वर ठेवून तळहाताने सरळ खाली, सावकाश दाबा. कडा फुटून बाहेर पसरताना दिसतील, तिथे थांबा. मधे साधारण १ सेंटीमीटर, काठाला अर्ध्याहून किंचित जास्त, आणि व्यास ७ ते ८ सेंटीमीटर, असं जमलं की काठ वेफरसारखे होतात आणि मधे मऊ गर राहतो. दीड सेंटीमीटर जाड ठेवलात तर तो नुसता भाजलेला बटाटा होतो. अर्ध्यापेक्षा पातळ केलात तर उलटताना तुकडे होतात. झटक्याने दाबलं की बटाटा एका बाजूने फुटून निसटतो. तुटलेला तुकडा बोटांनी परत जवळ लोटा, भाजताना तो चिकटून बसतो. आणि उलट, वाकडेतिकडे सुटलेले काठ सारखे करत बसू नका. जितके कोपरे आणि भेगा, तितका कुरकुरीत भाग जास्त.

चेपल्यावर पुन्हा पाच मिनिटं तसेच राहू द्या. आता आतला गर उघडा पडला आहे आणि सगळ्यात जास्त वाफ याच वेळी बाहेर जाते. वाफ दिसेनाशी झाली की मगच उरलेलं तेल. आधी ओतलेलं तेल वाफेच्या थरावर नुसतं तरंगतं आणि भेगांत उतरत नाही.

दोन टेबलस्पून तेल चमच्याने प्रत्येक बटाट्याच्या भेगांत सोडा, काठ ब्रशने नीट माखा. तेलाचं काम उष्णता त्या खाचाखोचांत पोचवणं आहे, म्हणून फार काटकसर केली तर काठ कुरकुरीत न होता वाळून कडक होतात. लोणी आत्ता नको. त्यातला दुधाचा अंश या तापमानाला जळतो आणि काळे ठिपके येतात. साजूक तुपात तो अंश गाळून गेलेला असतो, त्यामुळे तेलाच्या जागी तूप घेतलं तरी चालेल. वर दिलेलं एक टेबलस्पून मात्र शेवटच्या फोडणीसाठी आहे. घाण्याचं तेल चवीला उत्तम, पण ट्रेच्या मोकळ्या जागेवर पातळ थर धुरकटतो, तेव्हा स्वयंपाकघराची खिडकी उघडी ठेवा.

ओटीजीत भाजणं

आधी प्लगकडे बघा. मोठ्या ओटीजीला १५०० ते २००० वॉट लागतात, म्हणजे जाड पिनचा १६ अँपियरचा सॉकेट. साध्या ६ अँपियरच्या सॉकेटवर किंवा एक्स्टेन्शन बोर्डवर तो चालवू नका, वायर तापते.

वरची आणि खालची दोन्ही सळई, पंखा असेल तर तोही चालू, तापमान २२० अंश. रिकामा ओटीजी पूर्ण १५ मिनिटं तापू द्या. दिवा विझला म्हणजे हवा तापली, भिंती आणि जाळी तापायला आणखी वेळ लागतो. ज्यांचा ओटीजी २२० दाखवूनही पंचवीस मिनिटांत रंग देत नाही त्यांनी एक साधा ओव्हन थर्मामीटर आत ठेवून बघावा. घरगुती थर्मोस्टॅट वीस-तीस अंशांनी चुकलेले सर्रास सापडतात.

ट्रे मधल्या किंवा त्याच्या खालच्या खाचेत ठेवा. काळा किंवा गडद ट्रे चकचकीत ॲल्युमिनियमपेक्षा लवकर रंग देतो. सिलिकॉनची चटई नको, तिच्यावर बूड वाफाळतं. बटर पेपर चिकटू न देण्यासाठी ठीक, पण पापुद्रा किंचित कमी येतो आणि पाकिटावर लिहिलेली तापमानाची मर्यादा बघूनच वापरा.

पहिली वीस मिनिटं दार उघडायचं नाही, बटाटा हलवायचा नाही. चिकटलेला बटाटा खरवडून काढण्याची वेळ येते ती लवकर हात लावल्यामुळे. खालचा पापुद्रा पूर्ण तयार झाला की बटाटा स्वतःहून ट्रे सोडतो. पंचविसाव्या मिनिटाला पातळ उलथणं एका काठाखाली सरकवून बघा. विरोध जाणवला तर आणखी चार मिनिटं. सहज सुटला तर उलटा आणि ट्रेची पुढची बाजू मागे करून ठेवा, कारण बहुतेक ओटीजीत मागची बाजू जास्त तापते. उलटल्यावर आणखी १२ ते १५ मिनिटं.

झाला हे कसं ओळखायचं? काठ गडद सोनेरी, मधला भाग फिकट सोनेरी, आणि उलथण्याने टोचल्यावर टक्क असा कोरडा आवाज. सुरुवातीला ऐकू येणारी चरचर म्हणजे निघणारं पाणी. ती जवळजवळ थांबली की काम होत आलं. काळपट तपकिरीपर्यंत नेऊ नका. चव कडू होते, आणि १२० अंशांपुढे स्टार्चच्या पदार्थांत तयार होणारं ॲक्रिलामाइड जितका रंग गडद तितकं वाढतं. गोड झालेल्या शीतगृहातल्या बटाट्यांना तापमान २०० वर आणा आणि दहा मिनिटं जास्त द्या, म्हणजे रंग येण्याआधी पाणी जाईल.

एअर फ्रायर आणि तवा

एअर फ्रायरला २०० अंश, पाच मिनिटं तापवून. चार लिटरच्या टोपलीत एका वेळी पाच-सहाच मावतात. बाहेर ताटलीत बटर पेपरवर चेपून उलथण्याने सरकवा, तेल ब्रशने लावा, १२ मिनिटं, उलटून ६ ते ७. जोरदार हवेने पाणी लवकर जातं, म्हणून वेळ कमी लागतो. एकावर एक ठेवले तर मधला थर वाफेत शिजतो.

तवा कमी लेखू नका. बिडाचा जाड तवा मध्यम आचेवर नीट तापवा, दोन टेबलस्पून तेल, त्यात पाच चेपलेले बटाटे. उलथण्याने हलकेच दाबा आणि आठ ते दहा मिनिटं तसेच सोडा. उलटून आणखी सात-आठ मिनिटं, कडेने थोडं तेल सोडत. झाकण ठेवायचं नाही. बुडाचा पापुद्रा ओटीजीपेक्षाही चांगला येतो, फक्त उभे काठ तितके कुरकुरीत होत नाहीत. साध्या मायक्रोवेव्हमध्ये हा पदार्थ होत नाही. कन्व्हेक्शनची सोय असेल तर ओटीजीसारखाच वापरा, खालच्या जाळीवर.

मसाला कधी

मीठ आधी, बाकी सगळं शेवटी. लसूण, तिखट, वाटलेला मसाला २२० अंशांत पाच-सहा मिनिटांत करपतो. शेवटच्या टप्प्यावर छोट्या कढईत तूप कोमट करून त्यात चिरलेला लसूण मंद आचेवर फिकट सोनेरी होऊ द्या, गॅस बंद करून कोथिंबीर टाका आणि बटाटे बाहेर आल्याबरोबर चमच्याने वर सोडा. जाडसर मीठ आणि मिरपूडही तेव्हाच.

ठाणे-नवी मुंबईच्या आगरी-कोळी घरांत उन्हाळ्यात वर्षाचा मसाला कुटून ठेवतात. तो असेल तर एक टीस्पून मसाला एक टेबलस्पून तेलात कालवा आणि शेवटच्या चार मिनिटांसाठी ब्रशने लावा. तेलात भिजलेला मसाला करपत नाही, पण कच्चाही राहत नाही. तळलेल्या मांदेलीशेजारी हे बटाटे फार शोभतात. हिरव्या मिरचीचा ठेचा असेल तर तो तुपात परतून घ्या.

उपासाला तेलाच्या जागी तूप किंवा शेंगदाणा तेल, सैंधव, भरडलेले जिरे आणि वरून दाण्याचं कूट. सोबत दही. लसूण वगळा, कोथिंबीर घरच्या रिवाजाप्रमाणे.

दही किंवा चटणी बटाट्यावर ओतू नका, बाजूला वाटीत द्या. साधं दही पाणी सोडतं, त्यापेक्षा दोन तास फडक्यात टांगून काढलेला चक्का घ्या. एक वाटी चक्क्यात किसलेली एक लसूण पाकळी, मीठ, चिमूटभर साखर आणि थोडा ठेचा पुरतो.

वेळेचा हिशोब आणि उरलेले

रात्री ८ ला वाढायचे असतील तर ६:१५ ला बटाटे गॅसवर. ६:५० च्या सुमारास उपसा, सात वाजता ओटीजी तापायला लावा, सव्वासातपर्यंत चेपून तेल लावून ट्रे आत. ७:४० ला उलटा, ७:५५ ला बाहेर.

काढल्यावर ट्रेमध्ये किंवा ताटलीत एकावर एक रचू नका, जाळीवर ठेवा. सपाट ताटलीत बुडाखाली वाफ जमते आणि पाच मिनिटांत पापुद्रा नरम पडतो. पावसाळ्यात तर लगेच. कुणाला यायला उशीर होत असेल तर ओटीजी ९० अंशांवर, दार किंचित उघडं ठेवून, अर्धा तास चांगले राहतात. लसणाची फोडणी तोवर घालू नका.

उरलेले गार झाले की फ्रिजमध्ये. दुसऱ्या दिवशी तव्यावर थेंबभर तेलात चार-चार मिनिटं किंवा एअर फ्रायरला १९० अंशांवर पाच मिनिटं. मायक्रोवेव्हमध्ये गरम केले तर आतलं पाणी वर येऊन काठ रबरासारखे होतात. दोन दिवसांपेक्षा जास्त ठेवू नका. आधीच लसूण-कोथिंबीर घातलेले असतील तर पुन्हा भाजताना ती करपते. असे बटाटे मोडून कांदा, हिरवी मिरची आणि लिंबू घालून तव्यावर परता, पावाबरोबर छान लागतात.